एका कांडीचे पाचशे फुटवे



आज ऊस नाही, केळी नाही. आज माशावर लिहितोय. पण शेवटाला ते आपल्या शेततळ्यावरच येतं, म्हणून जरा सवडीनं वाचा.

उजनीच्या फुगवट्याला राहणाऱ्या माणसाला चिलापी काय असते ते सांगायला नको. रस्त्याच्या कडेच्या प्रत्येक हॉटेलात ती, बाजारात ती आणि जाळ्यातही जास्त करून तीच. पण ही चिलापी आपल्या भीमेची नव्हे. तिचं मूळ घर आफ्रिका. १९५२ साली ती पहिल्यांदा भारतात आणली. लवकर वाढते, काहीबाही खाते, कसल्याही पाण्यात तग धरते, म्हणून आणली. बघता बघता ती देशभर पसरली.

आमची थोरली बीएस्सीला प्राणिशास्त्र घेऊन शिकली. एकदा सुट्टीला आली असताना ताटात चिलापी बघून म्हणाली, "आप्पा, ही ज्या खानदानातली आहे ना, त्या खानदानाला आफ्रिकेत जेवढे फुटवे फुटले तेवढे फार थोड्या जनावरांना फुटले असतील. तेही इतक्या कमी काळात." मी म्हटलं, किती? ती म्हणाली, एकाच तळ्यात पाचशे. तेव्हापासनं हा विषय माझ्या डोक्यात बसला. तिनं दिलेलं वाचत गेलो, जे कळलं नाही ते फोन करून विचारत गेलो. मला जसं समजलं तसं मांडतो.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो. पाचशे फुटवे म्हणजे पाचशे वाण नव्हेत. मालदांडी आणि संकरित ज्वारी हे वाण. दोन्ही ज्वारीच. पण ज्वारी आणि बाजरी या वेगळ्या प्रजाती. शेजारी शेजारी वर्षानुवर्षं लावा, ज्वारी ज्वारीच राहते आणि बाजरी बाजरीच. त्या तळ्यात पाचशे निरनिराळ्या प्रजाती आहेत, म्हणजे आपापसातच जोडी जमवणारे आणि आपापला धंदा सांभाळून राहणारे पाचशे प्रकारचे मासे. आणि या सगळ्यांचं मूळ एकच.

तळ्याचं नाव व्हिक्टोरिया. युगांडा, केनिया आणि टांझानिया या तीन देशांत मिळून पसरलंय. तळं म्हणायचं म्हणून म्हणायचं, क्षेत्र सुमारे ६८,८०० चौरस किलोमीटर आहे. महाराष्ट्राचा पाचवा हिस्सा बुडेल एवढं. पण खोली बेताची, सगळ्यात खोल जागीही साधारण ८० मीटर. चिलापी ज्या कुळातली त्या कुळाला सिक्लिड म्हणतात. गोव्यात, कोकणात जी काळुंदर मिळते तीही याच कुळातली, आणि ती मात्र आपल्या देशातलीच. व्हिक्टोरियातले हे मासे बहुतेक बोटाएवढे, फार तर पंजाएवढे. टांझानियाच्या काठावरचे लोक त्यांना सरसकट फुरू म्हणतात.

आता खरी गंमत इथं आहे. शास्त्रज्ञांनी तळ्याच्या बुडाला भोक पाडून गाळाचे थर वर काढले. गाळाच्या खाली वाळलेल्या जमिनीच्या आणि मुळ्यांच्या खुणा सापडल्या. म्हणजे हे एवढं मोठं तळं एकेकाळी कोरडं ठाक पडलं होतं. कधी? सुमारे १५,००० वर्षांपूर्वी. मग पाऊसमान सुधारलं आणि तळं पुन्हा भरलं. आजूबाजूच्या नद्या-तळ्यांत जे मासे जीव धरून होते ते आत आले आणि त्यांच्यापासनं या पाचशे प्रजाती झाल्या. पंधरा हजार वर्षं आपल्याला फार वाटतात. पण निसर्गाच्या हिशेबात नवी प्रजाती व्हायला लाखो वर्षं लागतात असं धरतात. त्या मानानं हे म्हणजे काल पेरलं आणि आज कणीस.

एवढं घाईनं कसं झालं? मला यात चार कारणं दिसली. आपण शेतकऱ्यांना ती चारही लगेच समजतील.

पहिलं कारण, रिकामी जागा. एक डोळा कांडी लावली, दोन रोपांत अंतर ठेवलं, ऊन आणि पाणी मिळालं की तिला जोमानं फुटवे येतात. तेच दाट लावलं तर फुटवे येतात आणि मरतात. भरलेलं नवं तळं म्हणजे अंतर ठेवलेलं रान. खडकावर शेवाळ आहे पण खाणारं कोणी नाही. तळाला गोगलगायी आहेत पण फोडणारं कोणी नाही. पाण्यात बारीक किडे तरंगतात, झिंगे आहेत, गाळ आहे. सगळं मोकळं. जो मासा ज्या खाण्याकडं वळला त्याला तिथं भांडायला कोणी नव्हतं.

दुसरं कारण, जबडा. या माशांना दोन जबडे असतात. एक तोंडात, तो पकडायचा. दुसरा घशात, तो चावायचा. एकाच तोंडानं सगळं करावं लागलं तर ते अडकून पडतं. घरात एकच माणूस असला की तोच धार काढणार, तोच पाणी धरणार, तोच बाजार करणार, त्याला नवं काही शिकायला सवड नाही. हाताखाली दुसरा आला की पहिला मोकळा होतो. तसं झालं. चावायचं काम घशानं घेतलं, मग तोंडाचा जबडा हवा तसा बदलायला मोकळा राहिला. कोणाचं तोंड शेवाळ खरवडायच्या खरवडणीसारखं झालं, कोणाचं चिमट्यासारखं, किडे उचलणारं. कोणी दुसरे मासे गिळायला लागले. गोगलगाय खाणाऱ्याच्या घशातले दात जात्यासारखे जाड आणि चपटे झाले. या कुळातल्या बऱ्याच माद्या अंडी आणि पिल्लं तोंडात धरून सांभाळतात. आपल्याकडं चिलापी जाळ्यातनं सोडवताना तिच्या तोंडातनं पिल्लं सांडतात ती त्यामुळंच. तर व्हिक्टोरियात काही मासे असे निपजले, की दुसऱ्या मादीच्या तोंडातली पिल्लं हिसकावून खाणं हाच त्यांचा धंदा.

टांगानिका नावाचं शेजारचं दुसरं तळं आहे. ते कितीतरी जुनं आणि खोल. तिथं या कुळातला एक मासा दुसऱ्या माशाचे नुसते खवले ओरबाडून खातो. त्यासाठी त्याचं तोंडच वाकडं असतं. काहींचं डावीकडं, काहींचं उजवीकडं. डाव्या तोंडाचे जास्त झाले की बाकीचे मासे त्या बाजूनं सावध राहतात, मग उजव्या तोंडाच्यांचं फावतं. ते वाढले की उलटं. जपानच्या मिचिओ होरी या शास्त्रज्ञानं १९९३ साली हे दाखवून दिलं. हे वाचून मी हसलो, कारण आपल्या भाजीच्या बाजाराचंही असंच आहे. ज्या साली सगळे कांदा लावतात त्या साली न लावणाऱ्याचं साधतं.

तिसरं कारण, संकर. हे २०१७ साली पुढं आलं. या माशांचं मूळ एक असलं तरी ते मूळच संकरित निघालं. सुमारे दीड लाख वर्षांपूर्वी काँगो नदीच्या बाजूचे मासे आणि वरच्या नाईलच्या बाजूचे मासे एकत्र आले आणि त्यांची सरमिसळ झाली. आता तुम्ही म्हणाल, त्यानं काय होतं? संकरित टोमॅटोचं नाहीतर मिरचीचं बी घरी धरून पुढच्या साली लावून बघा. एक झाड उंच, एक बुटकं. एकाला गोल फळ, एकाला लांबडं. आपण म्हणतो बी उधळलं. आपल्याला तो तोटा, कारण आपल्याला माल एकसारखा पाहिजे. पण निसर्गाला तो खजिना. तळं भरलं तेव्हा आत शिरलेल्या माशांच्या अंगात हे उधळायचं सामान आधीच भरलेलं होतं. नवा गुण तयार व्हायची वाट बघत बसावं लागलं नाही. होते तेच गुण नव्या नव्या जोड्या करून वापरात आले.

चौथं कारण मला सगळ्यात नवल वाटलं. ते म्हणजे उजेड.

नर मासे रंगीत असतात, माद्या मातकट. जोडी निवडायचं काम मादीचं, आणि ती रंग बघून निवडते. व्हिक्टोरियात दोन प्रजाती आहेत. एकीचा नर निळा, तो वरच्या पाण्यात राहतो. दुसरीचा नर लाल, तो जरा खोल राहतो. तिथल्या पाण्यात निळा उजेड वरच्या वरच अडतो, तांबूस उजेड खोलवर पोचतो. खोल राहणाऱ्या माद्यांचे डोळे लाल रंगाला जास्त सरावलेले, त्यांना लाल नर उठून दिसतो. वरच्यांना निळा दिसतो. झालं. लाल लालकडं गेली, निळी निळ्याकडं. मधे ना डोंगर, ना भिंत. दोन रानांच्या मधे आपण मातीचा बांध घालतो, इथं नुसत्या उजेडाचा बांध पडला.

आणि हा बांध किती नाजूक, तेही तपासलंय. ओले झेहाउझेन आणि त्यांच्या सोबतच्या शास्त्रज्ञांनी प्रयोगशाळेत हे मासे साध्या उजेडात ठेवले तेव्हा माद्यांनी आपापला नर बरोबर निवडला. मग दिवा बदलून असा नारिंगी उजेड पाडला, की लाल आणि निळा वेगळे दिसूच नयेत. माद्यांना ओळख पटेना. कोणीही कोणाशीही जोडी जमवली, आणि त्यातनं झालेली पिल्लं चांगली धडधाकट, पुढं त्यांनाही पिल्लं होणारी. म्हणजे या दोन प्रजाती वेगळ्या राहिल्या त्या फक्त दिसण्यावर. दिसणं गेलं की वेगळेपण गेलं.

आता दुसरी बाजू ऐका. इथनं पुढं जरा जड जातं.

१९५० च्या दशकात आणि पुढं १९६० च्या सुरुवातीला व्हिक्टोरियात नाईल पर्च नावाचा मोठा मासा सोडला. हा मासा दोन मीटरपर्यंत वाढतो, दोनशे किलोपर्यंत भरतो. हेतू वाईट नव्हता. एवढे बारीक फुरू कोण खाणार, त्यापेक्षा तेच खाऊन एक मोठा मासा तयार होईल, तो विकता येईल, हा हिशेब. जेफ्री फ्रायर नावाच्या मत्स्यतज्ज्ञानं १९६० सालीच हे करू नका असं लिहून ठेवलं होतं. कोणी ऐकलं नाही.

वीसेक वर्षं काही दिसलं नाही. लोक म्हणाले असतील, बघा, काही झालं नाही. १९८० च्या सुमाराला तो एकदम उसळला. त्याच्या आधी तळ्याच्या बुडाशी सापडणाऱ्या माशांत वजनानं ८० टक्क्यांच्या आसपास फुरूच असत. काही वर्षांत ते १ टक्क्याच्याही खाली आले. सुमारे २०० प्रजाती दिसेनाशा झाल्या. काहींना तर अजून नावही दिलेलं नव्हतं.

धंदा मात्र झाला, ते नाकारण्यात अर्थ नाही. कारखाने उभे राहिले, त्याचं मांस युरोपात जायला लागलं, कित्येकांच्या घरात पैसा आला. पण फुरू उन्हात वाळत घातला की टिकायचा. हा मोठा मासा तेलकट, तो धूर देऊन नाहीतर तळून टिकवावा लागतो. त्याला लाकूड लागतं. काठावरची झाडं तुटली, माती सुटी झाली आणि पावसाबरोबर तळ्यात आली. वस्ती वाढली, शेती वाढली, त्यांचं सांडपाणी आणि खत आलं. पाणी हिरवं झालं, खाली प्राणवायू कमी पडला. १९९० च्या आसपास जलपर्णीही आली. जलपर्णी काय करते ते उजनीवाल्यांना सांगायला नको.

पाणी गढूळ झालं आणि जे प्रयोगशाळेत नारिंगी दिव्याखाली झालं तेच तळ्यात झालं. झेहाउझेन यांनी १९९७ साली मांडलं, की जिथं पाणी स्वच्छ तिथं प्रजाती जास्त, रंग चटक. जिथं पाणी गढूळ तिथं रंग फिके आणि प्रजाती एकमेकींत मिसळत चाललेल्या. हे मासे कोणी खाल्ले नाहीत, मारले नाहीत. नुसतं दिसेनासं झालं आणि फुटवे परत एकमेकांत मुरले. रोपटं उपटलं तर खड्डा तरी दिसतो. इथं तोही नाही.

सगळंच संपलं असं मात्र नाही. पुढं नाईल पर्चची मासेमारी इतकी झाली की तो कमी झाला, आणि काही फुरू परत वाढले. पण ते होते तसे राहिले नव्हते. फ्रान्स विटे या डच शास्त्रज्ञानं आणि त्यांच्या सोबत्यांनी जुने बाटलीत ठेवलेले मासे आणि नवे मासे शेजारी ठेवून मोजले. एका प्रजातीचे कल्ले पहिल्यापेक्षा मोठे झाले होते, कारण पाण्यात प्राणवायू कमी. फक्त वीस वर्षांत. म्हणजे फुटायची ताकद अजून शिल्लक आहे. पण गेलेल्या २०० च्या जागी लगेच दुसरे २०० येणार नाहीत. पंधरा हजार वर्षांचं काम पंधरा वर्षांत मोडलं. तेवढं उभं करायला परत तेवढाच काळ लागेल, आणि पाणीही तसं स्वच्छ लागेल.

आता आपल्या दारातलं बोलतो.

आमचे वडील नदी होती तेव्हाच्या गोष्टी सांगायचे. मरळ, वाम, शिंगटा, आणि बारक्या माशांची तर नावंच नावं. धरण झालं, वाहती नदी थांबली, मग चिलापी आली, वरच्या शहरांचं सांडपाणी आलं, आपल्या उसाचं खत आलं. यातलं कशामुळं किती गेलं हे मी सांगणार नाही, ते माझं काम नाही. आणि आपल्या नदीचं म्हणजे व्हिक्टोरियासारखंच झालं असंही म्हणणार नाही. भीमेतले मासे काही एका तळ्यात पंधरा हजार वर्षांत फुटलेले नाहीत. पण बाहेरचा मासा आणि हिरवं पाणी, ही जोडगोळी तिथं होती तशी इथंही आहे. आणि आज चिलापीवर कित्येक घरांची चूल पेटते हेही खरं. आता तिला काढा म्हणणारा मी कोण. आणि म्हटलं तरी ती निघणार नाही. एकदा वाहत्या पाण्यात सुटलेला मासा परत गोळा करता येत नाही, एवढंच त्यातनं घ्यायचं.

हे सगळं आज लिहायचं कारण घरातलंच आहे. आमचं शेततळं यंदा भरलंय. धाकट्या भावाकडं एक व्यापारी आला. म्हणाला, मांगूरचं बी देतो. सहा महिन्यांत तयार, कसलाही चारा चालतो, ऑक्सिजन नसला तरी मरत नाही. माल मीच उचलतो. भावाला पटलं. सोयाबीनला भाव नाही, पोराच्या कॉलेजची फी भरायचीय, त्याचंही चुकीचं नाही. मी नको म्हटलं. हा आफ्रिकेचा मांगूर, त्यावर आपल्याकडं बंदी आहे. पण बंदी आहे म्हणून नको, असं मी त्याला सांगितलं नाही. त्या कारणानं कोणी थांबत नाही हे आपल्याला माहीत आहे. मी त्याला व्हिक्टोरिया सांगितलं.

तो म्हणाला, "दादा, आपलं तळं केवढं, ते तळं केवढं. आणि आपल्या तळ्याला प्लास्टिकचा कागद आहे, मासा जाणार कुठं?" मी त्याला सांडव्याकडं नेलं. जोराचा पाऊस झाला की आपलं तळं ओढ्याला सांडतं, ओढा नदीला आणि नदी उजनीला. मांगूर तर ओल्या जमिनीवरनंही सरपटत जातो. व्हिक्टोरियातही पहिल्यांदा थोडेच मासे सोडले होते, आणि वीस वर्षं काही दिसलं नव्हतं.

त्यानं विचारलं, "मग शेजारच्यानं टाकला तर?" याचं उत्तर माझ्याकडं नव्हतं, अजून नाही. एवढंच म्हटलं की आपल्या सांडव्यातनं जाऊ नये. शेवटी कटला, रोहू आणि मृगळ टाकायचं ठरलं. पैसे कमी होतील, वेळ जास्त लागेल. भाऊ या साली तयार झालाय. पुढच्या साली काय म्हणेल ते भाव ठरवतील.

पाण्याचं म्हणाल तर माझ्या हातात आहे तेवढं करतो. युरिया एकदम फेकत नाही, माती तपासून ठिबकमधनं हप्त्याहप्त्यानं देतो. खालच्या अंगाच्या बांधावर गवत राखलंय, ते कापतो पण उपटत नाही, त्यानं माती अडते. फवारणीचा पंप ओढ्यात धुवू देत नाही. यानं उजनी निळी होणार नाही हे मलाही कळतं. पण उसाला लागू झालेलं खत उसात राहिलं तर पैसाही आपलाच वाचतो, म्हणून यात तोटा काही नाही.

एक काम मात्र तुम्हा सगळ्यांना सांगतो, याला पैसा लागत नाही. घरात कोणी सत्तरी-पंच्याहत्तरीचं असेल, आजोबा, आजी, मासे धरणारे कोणी काका, त्यांच्याजवळ बसा. ओढ्याला, नदीला, विहिरीला पूर्वी कोणते मासे होते ते विचारा. नावं लिहून घ्या, कसा दिसायचा, कधी सापडायचा, कुठं सापडायचा तेही लिहा. व्हिक्टोरियातले कितीतरी मासे नाव मिळायच्या आधीच गेले. आपल्या माशांना निदान नावं तरी आहेत, पण ती माणसांबरोबर चाललीत. आमच्या वडिलांनी सांगितलेली बारक्या माशांची नावं मला आज चारच आठवतात.

तुम्हाला किती मिळतात ते खाली लिहा. गावाचं आणि नदीचं नाव घालायला विसरू नका.

राम राम.